इजाऱ्यावरचे खेळ

संगणकावर खेळ खेळणाऱ्या कॉलेजच्या मुलांमध्ये एक तक्रार नेहमी ऐकू येते. वाशी असो, कोपरखैरणे असो की तळोजा, तक्रार तीच. मायक्रोसॉफ्टच्या गेम पासची मासिक वर्गणी भरली, खेळ उतरवून घेतला, तो सुरूही झाला. पण ग्राफिक्स कार्डाच्या सॉफ्टवेअरमध्ये जाऊन पाहिलं तर यादीत त्या खेळाचं नावच नाही. स्टीमवरून विकत घेतलेले खेळ तिथे रांगेत उभे आहेत आणि वर्गणीचा खेळ मात्र गायब. हाताने जोडायला जावं तर फाइल सापडत नाही. सापडली तर फोल्डर उघडत नाही.

यावरचा तांत्रिक उपाय चार ओळींचा आहे आणि तो पुढे दिला आहे. पण हा प्रश्न मुळात उभा का राहिला, हे कळायला पंचवीस-तीस वर्षं मागे जावं लागतं. आणि नीट पाहिलं तर त्याहूनही बरंच मागे. कारण हा प्रश्न विकत घेणं आणि भाड्याने घेणं यांतल्या फरकाचा आहे. त्या फरकासाठी आपल्याकडे एक जुना शब्द आहे. अरबीतून फारसीत आणि फारसीतून मराठीत आलेला: इजारा.

एका शब्दाचा प्रवास

इजारा, उजरत, अज्र हे सगळे शब्द एकाच अरबी धातूचे. मूळ अर्थ मोबदला. फिक्हच्या ग्रंथांत खरेदी-विक्रीचं प्रकरण वेगळं आणि इजाऱ्याचं वेगळं असतं. बाराव्या शतकातल्या बुरहानुद्दीन मर्गिनानी यांच्या 'हिदाया'तही ते तसंच आहे. या ग्रंथाचं चार्ल्स हॅमिल्टनने केलेलं इंग्रजी भाषांतर १७९१ मध्ये छापलं गेलं आणि पुढे ब्रिटिश काळातल्या न्यायालयांत ते वापरलं गेलं.

फरक सोपा आहे. 'बैअ' म्हणजे विक्री. तिच्यात वस्तूची मालकीच बदलते. इजाऱ्यात वस्तू मूळ मालकाचीच राहते. ठरलेल्या मुदतीपुरता आणि ठरलेल्या मोबदल्यात तिचा उपयोग, म्हणजे 'मनफअत', दुसऱ्याला मिळते. घर, शेत, बैल, होडी, माणसाची मेहनत, सगळं या चौकटीत येतं. अट एवढीच की मुदत, मोबदला आणि मिळणारा उपयोग दोघांनाही स्पष्ट माहीत हवा. अंधारातला सौदा चालत नाही.

दख्खनच्या सुलतानांच्या काळात राज्यकारभाराची फारसी मराठीत मुरली आणि तिच्याबरोबर हा शब्दही आला. इथे त्याचा अर्थ थोडा सरकला. गावाचा किंवा परगण्याचा महसूल वसूल करण्याचा ठेका म्हणजे इजारा, आणि तो घेणारा इजारेदार. आजच्या मराठीत अर्थ आणखी पुढे गेला आहे. 'इजारेदारी' म्हटलं की आपण भाडं म्हणत नाही, एकाधिकार म्हणतो. भाडं, मग ठेका, मग एकाधिकार. एका शब्दाचा हा प्रवास लक्षात ठेवा, कारण खेळांचा धंदाही याच वाटेने चालला आहे.

सीडीचा काळ

नव्वदच्या दशकाच्या शेवटी आणि २००० नंतरच्या काही वर्षांत आपल्याकडे संगणकावरचा खेळ म्हणजे सीडी. मुंबईत ग्रँट रोड स्टेशनजवळचा लॅमिंग्टन रोड, म्हणजे डॉ. दादासाहेब भडकमकर मार्ग, ही त्याची मोठी बाजारपेठ. हार्बर लाइन ९ मे १९९२ रोजी खाडीपलीकडे वाशीपर्यंत आली आणि नवी मुंबईच्या मुलांना ती बाजारपेठ जवळ आली. पुढे वाशी स्टेशनसमोरच्या रघुलीला आर्केडमध्ये संगणक आणि मोबाइलची दुकानं थाटली गेली, तेव्हा तर खाडी ओलांडायचीही गरज उरली नाही.

घरी संगणक नसणाऱ्यांसाठी सायबर कॅफे होते. तासावर पैसे. काउंटर-स्ट्राइक, एज ऑफ एम्पायर्स २, प्रोजेक्ट आयजीआय, जीटीए व्हाइस सिटी, आणि क्रिकेटच्या देशात साहजिकच ईए स्पोर्ट्सचा क्रिकेट ०७. या पिढीच्या मराठी, उर्दू, कोकणी, आगरी बोलणाऱ्या सगळ्या मुलांची ही सामायिक शाळा होती.

यातल्या बऱ्याच सीड्या चोरून केलेल्या नकला होत्या, हे लपवण्यात अर्थ नाही. अस्सल खेळाची किंमत मध्यमवर्गीय घराच्या आवाक्याबाहेर होती आणि नकलेची सीडी पदपथावर मिळत होती. तेव्हा हे चुकीचं आहे असं वाटणारे थोडेच होते. पण मुस्लिम समाजात यावर गंभीर विचार आधीच झाला होता. ओआयसीशी संलग्न आंतरराष्ट्रीय फिक्ह अकादमीने १९८८ मध्ये कुवेतच्या पाचव्या अधिवेशनात ठराव केला, की लेखन, शोध, व्यापारी नाव यांवरचे हक्क ही शरीअतच्या दृष्टीने मालमत्ताच आहे आणि तिच्यावर हात मारता येणार नाही. भारतीय उपखंडातल्या काही जुन्या उलेमांना अमूर्त हक्काची विक्री मान्य नव्हती. मुफ्ती तकी उस्मानींसारख्यांनी ती मान्य केली. वाद होता, पण कल आता स्पष्ट आहे.

या लेखापुरता मुद्दा वेगळा आहे. सीडी अस्सल असो वा नकली, खेळ एकदा डिस्कवर उतरला की तो संगणकाच्या मालकाच्या ताब्यात असे. 'प्रोग्राम फाइल्स'मध्ये त्याचं फोल्डर दिसे, त्यात त्याची ईएक्सई फाइल दिसे. ती उघडता येई, कॉपी करता येई, तिचं नाव बदलता येई. आणि ग्राफिक्स कार्डाचं सॉफ्टवेअर नेमकं याच गोष्टीवर उभं राहिलं.

कार्ड खेळाला कसं ओळखतं

थ्रीडीएफएक्स कंपनीचं व्हूडू कार्ड १९९६ मध्ये आलं. १९९३ मध्ये स्थापन झालेल्या एनव्हिडियाने १९९९ मध्ये जीफोर्स २५६ आणलं. दुसऱ्या बाजूला एटीआय होती, ती २००६ मध्ये एएमडीने विकत घेतली. कार्ड म्हणजे नुसता लोखंडी आणि सिलिकॉनचा तुकडा. त्याच्याकडून काम करून घेणारं सॉफ्टवेअर म्हणजे ड्रायव्हर. प्रत्येक खेळाची मागणी निराळी, म्हणून कंपन्यांनी ड्रायव्हरमध्ये खेळागणिक वेगवेगळी 'प्रोफाइल' ठेवायला सुरुवात केली. अमुक खेळ सुरू झाला की अमुक सेटिंग लावायची.

पण खेळ सुरू झाला हे ड्रायव्हरला कळणार कसं? ते फाइलच्या नावावरून ओळखतं. याचा सगळ्यात गाजलेला पुरावा २००१ चा आहे. एटीआयचं रेडिऑन ८५०० हे कार्ड 'क्वेक ३' या खेळात फारच वेगाने चालत होतं. हार्डओसीपी या संकेतस्थळाने खेळाच्या फाइलमधला 'क्वेक' शब्द बदलून 'क्वॅक' केला. क्वॅक म्हणजे बदकाचं ओरडणं. खेळ तोच, नियम तेच, यंत्र तेच. फक्त नाव बदललं आणि वेग खाली आला. ड्रायव्हर नाव पाहून चित्राचा दर्जा गुपचूप उतरवत होता आणि वेग चढवत होता. एटीआयला टीकेला तोंड द्यावं लागलं आणि ड्रायव्हर सुधारावा लागला.

फसवेगिरी गेली, पण नावावरून ओळखण्याची पद्धत राहिली. एनव्हिडियाचं जीफोर्स एक्सपिरियन्स २०१३ च्या सुमारास सर्वत्र पोचलं. ते डिस्क चाळून खेळ शोधायचं आणि प्रत्येकासाठी योग्य सेटिंग सुचवायचं. एएमडीचं अ‍ॅड्रेनालिन डिसेंबर २०१७ मध्ये आलं. तेही असंच काम करतं. नोव्हेंबर २०२४ मध्ये एनव्हिडियाने जीफोर्स एक्सपिरियन्सच्या जागी एनव्हिडिया अ‍ॅप आणलं. साधन बदललं, तरी दोन प्रश्न कायम आहेत: तुझं नाव काय, आणि तू राहतोस कुठे?

मुंबई आणि नवी मुंबईत भाड्याने घर शोधलेल्या माझ्या वाचकांना हे दोन प्रश्न चांगलेच ओळखीचे आहेत. फोनवर सगळं ठरतं, मग नाव विचारलं जातं, आणि नाव ऐकल्यावर फ्लॅट 'नुकताच गेलेला' असतो. यंत्राच्या मनात द्वेष नसतो, त्यामुळे तुलना ताणण्यात अर्थ नाही. पण नाव पाहून निर्णय घेणारी व्यवस्था नावापलीकडचं काही पाहत नाही, एवढी गोष्ट दोन्हीकडे सारखीच आहे.

मधला टप्पा: दिसायला खरेदी, कागदावर परवाना

१२ सप्टेंबर २००३ रोजी वाल्व्ह कंपनीने स्टीम सुरू केलं. २००४ मध्ये 'हाफ-लाइफ २' आला तेव्हा डबा विकत घेतला तरी स्टीमवर खातं उघडून इंटरनेटवरून खेळाची नोंद करणं सक्तीचं झालं. त्याच २००४ मध्ये भारत सरकारच्या धोरणाने २५६ केबीपीएसला ब्रॉडबँड म्हटलं होतं. यावरून इथल्या खेळाडूंना किती त्रास झाला असेल याची कल्पना यावी. नोव्हेंबर २०१५ मध्ये स्टीमवर किमती रुपयांत आल्या आणि भारतात नकलेच्या सीडीची खरी सद्दी संपली. पोलिसी धाडींनी जे साधलं नाही ते परवडणाऱ्या किमतीने साधलं.

स्टीमवर बटण 'विकत घ्या' असंच असतं. प्रत्यक्षात मिळतो तो वापराचा परवाना. कॅलिफोर्नियाने सप्टेंबर २०२४ मध्ये कायदा केला, की डिजिटल वस्तू विकताना ग्राहकाला परवानाच मिळतो आहे हे स्पष्ट सांगावं लागेल. त्यानंतर स्टीमने पैसे भरण्याच्या पानावर तशी सूचना घातली. एकवीस वर्षं लोक खरेदी समजून जे करत होते त्याचं खरं नाव तेव्हा छापलं गेलं.

तरीही स्टीमच्या खेळाचं फोल्डर उघडं असतं. घर परवान्यावर असलं तरी किल्ली तुमच्या हातात असते. म्हणून कार्डाच्या सॉफ्टवेअरला तो खेळ सापडायला कधी अडचण आली नाही.

कुलूपबंद खोली

अडचण सुरू झाली विंडोज १० पासून. जुलै २०१५ मध्ये ते आलं आणि मायक्रोसॉफ्टने आपल्या दुकानातून येणाऱ्या प्रोग्रामसाठी यूडब्ल्यूपी नावाची नवी रचना आणली. तिच्यातले प्रोग्राम 'विंडोजअ‍ॅप्स' या लपवलेल्या फोल्डरमध्ये राहत. त्या फोल्डरची मालकी संगणकाच्या मालकाकडे नसून 'ट्रस्टेड इन्स्टॉलर' नावाच्या विंडोजच्याच अंतर्गत खात्याकडे असते. स्वतःच्या संगणकावर, स्वतः विकत घेतलेल्या डिस्कवर एक खोली, आणि तिला दुसऱ्याचं कुलूप.

२०१६ च्या वसंतात 'गिअर्स ऑफ वॉर: अल्टिमेट एडिशन' आणि 'क्वांटम ब्रेक' असे खेळ या मार्गाने आले. फ्रेमचा वेग मोकळा सोडता येईना, जी-सिंक आणि फ्रीसिंक चालेनात, पडद्यावर आकडे दाखवणारी साधनं चालेनात. एपिक गेम्सचे टिम स्वीनी यांनी मार्च २०१६ मध्ये 'गार्डियन'मध्ये लेख लिहून आरोप केला, की मायक्रोसॉफ्ट संगणकाचं खुलं मैदान बंदिस्त करू पाहत आहे. मे २०१६ मध्ये काही बंधनं सैल झाली. मे २०१९ मध्ये दुकानात जुन्या पद्धतीचे खेळही येऊ देण्याची घोषणा झाली.

जून २०१७ मध्ये कन्सोलवर सुरू झालेला गेम पास जून २०१९ मध्ये संगणकावर आला. एका महिन्याच्या वर्गणीत शंभराहून अधिक खेळ. ज्या घरात एका नव्या खेळाची किंमत जास्त वाटत होती, तिथे हा सौदा मोठाच होता. पण खेळ राहत होते त्या कुलूपबंद खोलीत.

कुलूप का, याचं उत्तरही प्रामाणिकपणे द्यायला हवं. विकलेली वस्तू ग्राहक काय करतो याची दुकानदाराला फारशी फिकीर नसते. भाड्याने दिलेली वस्तू परत मिळेल याची फिकीर असते. वर्गणी संपल्यावरही खेळ कॉपी करून चालवता आला तर वर्गणीचा धंदाच उरत नाही. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं कलम १४ देखील संगणक प्रोग्रामची प्रत विकण्याचा आणि व्यापारी तत्त्वावर भाड्याने देण्याचा हक्क हक्कधारकालाच देतं. त्यामुळे मालकाने वस्तू जपली यात गैर काही नाही. प्रश्न आहे तो जपताना भाडेकरूलाही बाहेर ठेवलं याचा.

२०२१ च्या अखेरीस मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स अ‍ॅपमध्ये बदल केला. खेळ कुठे उतरवायचा ते आता निवडता येतं, आणि तो 'एक्सबॉक्सगेम्स' नावाच्या साध्या फोल्डरमध्ये दिसतो. कुलूप पूर्ण गेलं नाही, पण खोलीला खिडकी आली.

तोच खेळ, दुसरं नाव

तरीही तक्रार पूर्ण संपली नाही आणि त्याचं कारण पुन्हा नाव हेच आहे. अनरियल इंजिनवर बनलेल्या अनेक खेळांची स्टीमवरची फाइल 'विन६४-शिपिंग' अशा शेपटाची असते. त्याच खेळाची गेम पासवरची फाइल 'विनजीडीके-शिपिंग' अशी असते. खेळ अक्षरशः तोच. पण ड्रायव्हरमधलं प्रोफाइल पहिल्या नावाने लिहिलेलं असेल तर दुसऱ्या नावाच्या खेळाला ते लागू होईलच असं नाही.

यात नुकसान कुणाचं? ज्याच्याकडे महागडा डेस्कटॉप आहे त्याचं फारसं नाही. नुकसान होतं ते इंजिनिअरिंगसाठी घरच्यांनी कर्ज काढून किंवा पैसे साठवून घेऊन दिलेल्या एकुलत्या एका लॅपटॉपवर खेळणाऱ्याचं. अशा लॅपटॉपमध्ये दोन ग्राफिक्स चिप असतात. एक प्रोसेसरमधलीच, कमी वीज खाणारी आणि दुबळी. दुसरी स्वतंत्र आणि ताकदवान. एनव्हिडियाने २०१० मध्ये आणलेली ऑप्टिमस पद्धत कोणत्या प्रोग्रामला कोणती चिप द्यायची हे प्रोफाइल पाहून ठरवते. खेळ ओळखलाच गेला नाही तर तो दुबळ्या चिपवर चालण्याची शक्यता असते. खेळ अडखळतो, मुलाला वाटतं लॅपटॉप खराब आहे, आणि दुकानदार नवा लॅपटॉप दाखवायला तयारच असतो. हजारो रुपयांचा खर्च उभा राहतो, तो एका न जुळलेल्या नावामुळे.

म्हणून उपाय माहीत असावा. एक्सबॉक्स अ‍ॅपमध्ये खेळाच्या नावावर उजवं क्लिक करून 'मॅनेज' निवडा. तिथे 'फाइल्स'मध्ये 'ब्राउझ' हे बटण खेळाचं फोल्डर उघडतं. आत 'कंटेंट' फोल्डरमध्ये मूळ ईएक्सई फाइल असते. अनरियलच्या खेळांत ती आणखी आत, 'बायनरीज' आणि मग 'विनजीडीके' या फोल्डरमध्ये सापडते. 'गेमलाँचहेल्पर' नावाची फाइल दिसली तर ती सोडून द्या. ती दार उघडणारा शिपाई आहे, खेळ नव्हे. हा पत्ता लिहून घ्या. एनव्हिडिया अ‍ॅपच्या 'ग्राफिक्स' विभागात प्रोग्राम जोडण्याची सोय आहे. जुन्या कंट्रोल पॅनेलमध्ये 'मॅनेज थ्रीडी सेटिंग्ज'मध्ये 'प्रोग्राम सेटिंग्ज' आणि मग 'अ‍ॅड'. एएमडीच्या अ‍ॅड्रेनालिनमध्ये 'गेमिंग'मध्ये तीन ठिपक्यांच्या मेनूत 'अ‍ॅड अ गेम'. यातलं काहीच जमलं नाही तर विंडोजच्या 'सेटिंग्ज'मध्ये 'सिस्टिम', 'डिस्प्ले', 'ग्राफिक्स' इथे जाऊन तो प्रोग्राम जोडा आणि त्याला 'हाय परफॉर्मन्स' द्या. ही सोय एप्रिल २०१८ च्या अपडेटपासून आहे आणि तिच्यात दुकानातून घेतलेले प्रोग्रामही निवडता येतात. नवा लॅपटॉप घेण्याआधी ही दहा मिनिटं जरूर खर्च करा.

किल्लीचा प्रश्न

मी मुफ्ती नाही आणि हा फतवा नाही. पण इजाऱ्याच्या जुन्या नियमांत या प्रश्नाचा गाभा आधीच आलेला आहे. घर भाड्याने दिलं आणि किल्लीच दिली नाही, तर भाडं लागू होत नाही. कारण भाडं हे भिंतींचं नसून उपयोगाचं असतं, आणि उपयोग घेता येईल अशा स्थितीत वस्तू देणं ही मालकाची जबाबदारी. तसंच, घरात असा दोष निघाला की राहणंच अशक्य व्हावं, तर भाडेकरूला करार सोडता येतो. हनफी असोत वा आम्हा कोकणी मुसलमानांमध्ये रूढ असलेला शाफई पंथ असो, तपशिलात फरक असतील, पण हे तत्त्व सगळीकडे आहे.

त्याच नियमांतून दुसरा प्रश्न निघतो. मिळणारा उपयोग स्पष्ट माहीत हवा, ही अट आपण वर पाहिली. गेम पासमध्ये खेळ दर महिन्याला येतात आणि जातात. तुम्ही अर्ध्यावर असताना खेळ यादीतून निघाला तर पुढचा भाग खेळण्यासाठी तो विकत घ्यावा लागतो. यादी बदलत राहणार हे आधी सांगितलेलं असतं, त्यामुळे याला फसवणूक म्हणता येणार नाही. पण भाडेकरूने हे समजून सही केलेली बरी.

इजारेदार कधी मोठा होतो

आता त्या शब्दाच्या प्रवासाकडे परत येऊ. दुसऱ्या बाजीरावाच्या काळात महाल आणि परगणे इजाऱ्याने देण्याची पद्धत बोकाळली. जास्त रक्कम कबूल करेल त्याला वसुलीचा हक्क. मुदत थोडी, तीही कधी काढून घेतली जाईल याचा भरवसा नाही. मग इजारेदार मिळेल तेवढं रयतेकडून ओरबाडायचा. पेशवाई गेल्यावर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने १८१९ च्या आपल्या अहवालात या पद्धतीवर कडक टीका केली.

कोकणात हीच गोष्ट खोतीच्या रूपाने पिढ्यान्‌पिढ्या टिकली. खोत हा मुळात सरकारसाठी गावाचा महसूल गोळा करणारा. हळूहळू तो गावाचा मालकच झाला. खोतांमध्ये ब्राह्मण होते, मराठे होते, मुसलमानही होते. कुळं कसत राहिली आणि जमीन दुसऱ्याच्या नावावर राहिली. अलिबाग तालुक्यातल्या चरी गावाच्या शेतकऱ्यांनी नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली १९३३ पासून सहा वर्षं जमिनी न कसता संप केला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३७ मध्ये खोती नष्ट करण्याचं विधेयक मांडलं. कायदा व्हायला १९४९ उजाडलं.

आणि खुद्द नवी मुंबई? १७ मार्च १९७० रोजी सिडको स्थापन झाली. ९५ गावांच्या जमिनी घेण्यात आल्या. मोबदल्यासाठी दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली आंदोलन झालं आणि जानेवारी १९८४ मध्ये जासई परिसरातल्या गोळीबारात पाच जण गेले. त्या रक्तातून साडेबारा टक्के विकसित भूखंडाची योजना आली. त्याच जमिनीवर सिडकोने जे भूखंड दिले ते ६० वर्षांच्या भाडेपट्ट्याने. म्हणजे सानपाड्यात किंवा नेरुळमध्ये आयुष्याची कमाई घालून घेतलेल्या फ्लॅटखालची जमीन भाड्याची असते. फ्लॅट विकायला निघालं की सिडकोची परवानगी आणि हस्तांतरण शुल्क यांची आठवण होते. जमीन फ्रीहोल्ड करा ही मागणी म्हणूनच इथे इतकी जुनी आहे. 'विकत घेतलं' आणि 'वापरायला मिळालं' यांतला फरक नवी मुंबईकराला स्टीमने शिकवायची गरज नाही.

या सगळ्या इतिहासातून भाडं वाईट असं सिद्ध होत नाही. भाड्यामुळेच गरिबाला घर मिळतं, वाचनालयामुळे पुस्तक मिळतं, वर्गणीमुळे खेळ मिळतो. भाडं जाचक होतं ते दुसरा पर्याय उरत नाही तेव्हा. रयतेला इजारेदार बदलता येत नव्हता, कुळाला खोत बदलता येत नव्हता. खेळांच्या जगात तीच वाट दिसू लागली आहे. ऑक्टोबर २०२५ मध्ये मायक्रोसॉफ्टने अमेरिकेत संगणकाच्या गेम पासची किंमत महिना ११.९९ डॉलरवरून १६.४९ डॉलर केली, आणि सर्वांत वरच्या श्रेणीची १९.९९ वरून २९.९९. युबिसॉफ्टने 'द क्रू' या खेळाचे सर्व्हर ३१ मार्च २०२४ रोजी बंद केले. पैसे मोजून विकत घेतलेल्या लोकांचाही खेळ त्या दिवशी संपला. त्यातूनच युरोपात 'स्टॉप किलिंग गेम्स' ही ग्राहकांची चळवळ उभी राहिली.

पुढचं कुलूप

आतापर्यंत खेळ भाड्याचा होता, पण कार्ड तरी आपलं होतं. आता कार्डही भाड्याचं होत आहे. ऐरोली, महापे, रबाळे या जुन्या औद्योगिक पट्ट्यात डेटा सेंटरच्या मोठमोठ्या इमारती उभ्या राहिल्या आहेत. पनवेलजवळ योटाचं एनएम१ डेटा सेंटर २०२० मध्ये सुरू झालं. जिओचं मुख्य काम घणसोलीतून चालतं, आणि त्यांनीही क्लाउडवर खेळ चालवण्याची सेवा आणली आहे. ग्राफिक्स कार्ड अशा ठिकाणी, आपल्या घरी फक्त पडदा. मग खेळ जोडण्याची कटकटच नाही, कारण जोडायला आपल्याकडे काहीच नाही. ज्याच्या घरी चांगला लॅपटॉप नाही त्याला यातून खरोखर फायदा होईल. पण सेटिंग कुठली, वेग किती, खेळ कोणता, हे सगळं ठरवणारा दुसरा असेल.

म्हणून पालकांना आणि मुलांना एवढंच सांगणं आहे. वर्गणी घ्या, पण ती भाडं आहे हे समजून घ्या. घरखर्चात तिला भाड्याच्याच रकान्यात लिहा, खरेदीच्या नव्हे. परीक्षेच्या महिन्यात बंद करा. जो खेळ दहा वर्षांनीही खेळावासा वाटेल तो शक्य असेल तिथे विकत घ्या, आणि तोही किल्लीसकट. २००८ पासून चालणाऱ्या जीओजीसारख्या दुकानांत कुलूप नसलेली प्रत मिळते, ती स्वतःच्या डिस्कवर जपून ठेवता येते. आणि नकलेच्या वाटेला जाऊ नका. इजारेदाराशी भांडायचं असेल तर आधी आपले हात स्वच्छ असावे लागतात. चरीच्या शेतकऱ्यांनी धान्य चोरलं नाही. त्यांनी जमीन कसणं थांबवलं. वर्गणीदाराच्या हातातही नेमकं तेवढंच असतं: पुढच्या महिन्याचे पैसे न भरणं.